बाईंना विचारा : घुम्या डोंगरापाशी वेळ मंदावते का?

(मिरजेत अनेक वर्षं पदार्थविज्ञान शिकवून निवृत्त झालेल्या बाई या सदरात वाचकांच्या शंकांना उत्तरं देतात. या वेळचे सगळे प्रश्न वेळ आणि कंप यांच्याभोवतीचे आहेत.)

प्रश्न : बाई, नमस्कार. मी कुमारांसाठी कादंबरी लिहिते आहे. तिच्यातला मुलूख काल्पनिक आहे, नाव झांजेरी. तिथल्या विद्वानांचा 'कंपकाळ' नावाचा सिद्धांत आहे. प्रत्येक वस्तूला जन्मतः एक मूळ कंप असतो. वस्तूची वेळ म्हणजे तिचे खर्च झालेले कंप. ठरलेला साठा संपला की वस्तू संपते. मुलखाच्या मधोमध घुम्या नावाचा डोंगर आहे. त्यातून खर्जातला घुमारा सतत येत असतो आणि त्या घुमाऱ्याने जवळपासचे सगळे कंप मंदावतात, म्हणून तिथे वेळ हळू चालते. ज्यांचे कंप जुळतात तेच एकमेकांना दिसतात. सूर सुटला की माणूस हळूहळू दिसेनासा होतो. माझी नायिका जाई डोंगरापाशी एक दिवस राहून परत येते, तर गावात वर्ष उलटून गेलेलं असतं. विज्ञानाच्या दृष्टीने यात काही खटकतं का? आणि आपण मंदावलोय हे जाईला तिथे असताना कशावरून कळेल? — एक लेखिका, राजापूर

उत्तर : खटकतं, पण तुम्हाला वाटतंय तिथे नाही. डोंगरापाशी वेळ मंदावते हा भाग तुम्ही भीत भीत लिहिलेला दिसतोय. तुमच्या सिद्धांतात तोच सगळ्यात पक्का आहे, कारण तसं आपल्या जगातही होतं आणि ते मोजलंही गेलंय. त्याकडे मी येते.

मला अडलं ते 'वेळ म्हणजे खर्च झालेले कंप' या वाक्याशी. कंप जलद की मंद हे कसं सांगणार? सेकंदाला इतके, असं. आणि सेकंद कुठून आणणार? कंप मोजून. झांजेरीचे विद्वान घाण्याच्या बैलासारखे जागच्या जागी फिरताहेत. आपले विद्वानही या फेऱ्यातून सुटलेले नाहीत, फक्त त्यांनी तो उघडपणे मान्य करून टाकलाय. १९६७ साली ठरलं की सीझियम-१३३ च्या अणूतल्या एका विशिष्ट संक्रमणातून निघणाऱ्या प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आवर्तनं म्हणजे एक सेकंद. आता सीझियमचा अणू बरोबर चालतो की चुकीचा, हे विचारायला त्याच्या वर कोणी उरलं नाही. दोन सीझियम घड्याळं शेजारी ठेवायची आणि एकमेकांशी ताडून बघायची, एवढंच हातात आहे.

हे ताडून बघणं काय असतं ते आमच्या मिरजेत सतारमेकर गल्लीत जाऊन बघा. कारागीर तंबोऱ्याच्या जोडाची एक तार लावून ठेवतो आणि दुसरी तिच्याजवळ आणतो. दोन्ही पाठोपाठ छेडल्या की सुरात हेलकावे ऐकू येतात, आवाज फुगतो आणि बसतो. पुस्तकात याला विस्पंद म्हणतात. एका तारेचे सेकंदाला १३८ कंप असतील आणि दुसरीचे १४०, तर हेलकावा सेकंदाला दोनदा येतो. खुंटी जराशी पिळली की एकदा. मग खुंटीला हात लावायचा नाही. घोडीच्या खालचा मणी नखाने सरकवायचा. हेलकावा लांबत जातो, दोन सेकंदांचा, चार सेकंदांचा, आणि शेवटी येतच नाही. कारागिराला १३८ हा आकडा ठाऊक असण्याची गरज नसते. घड्याळ तर या कामात कुठेच आलं नाही. एकटी तार जलद आहे की मंद हा प्रश्नच निरर्थक आहे. दुसरी वाजली की केसाएवढा फरकही लपत नाही.

तेव्हा विद्वानांकडून वाक्य दुरुस्त करून घ्या : एका वस्तूच्या कंपांचं दुसरीच्या कंपांशी असलेलं गुणोत्तर म्हणजे वेळ. आणि हा शोध झांजेरीत एखाद्या पंतोजीच्या नावावर घालू नका, तंबोरे करणाऱ्याच्या नावावर घाला. त्याच्या कानाला तो आधीच माहीत असणार.

आता जाई. डोंगरापाशी बसून स्वतःकडे बघत राहिली तर तिला काहीही कळणार नाही. तिची नाडी मंदावेल, पण नाडी मोजायला नेलेली वाळूची घडीही तेवढीच मंदावेल. शिदोरीतलं दूध तिच्या हिशेबाने रोजच्यासारखंच नासेल. भूक वेळेवर लागेल. डोक्यातले विचारही त्याच मापाने मंदावलेले असल्यामुळे 'आज काही सुचत नाहीये' असंसुद्धा तिला वाटणार नाही. अशा गोष्टींत नायिकेला हमखास गुंगी येते, पाय जड होतात. ते कृपा करून करू नका. पाय जड वाटले याचा अर्थ पाय मंदावले आणि मन मंदावलं नाही. मग तुमचा सिद्धांत जाईच्या कमरेपाशीच तुटला.

कळायचं असेल तर तिने गावाकडे कान लावावा. समजा, गावच्या देवळात कोणी काळी एकमध्ये तंबोरा लावून बसलंय, म्हणजे षड्जाचे साधारण १३८ कंप. डोंगरापाशी वेळ निम्म्याने चालत असेल तर जाईच्या एका सेकंदात गावाचे दोन सेकंद जातात. तिला त्या तारेचे २७६ कंप ऐकू येतील, म्हणजे बरोबर वरच्या सप्तकातला षड्ज. गवयाची लयही दुप्पट होईल. विलंबित ख्याल मध्यलयीत! जाईला गाण्याचा कान असेल तर तिथेच ती दचकेल, कारण सूर चढलाय आणि तरी तसूभरही बेसूर झालेला नाही.

याच्या उलट गावाकडून ऐकणाऱ्याला डोंगरापाशी बोलणाऱ्याचा आवाज खाली उतरलेला आणि रेंगाळलेला ऐकू येईल. घुमारा कशाचा हे तुम्ही कुठेच लिहिलेलं नाही, म्हणून एक सुचवते. तो डोंगराचा नसू दे. तिथे राहणाऱ्या माणसांचं रोजचं बोलणंच असू दे : पाणी भरलंस का, चूल पेटली का. बाईमाणसाचा आवाज सेकंदाला २०० कंपांच्या आसपासचा. आठपट मंदावला तर २५ होतो. वीसच्या खाली तर आपल्या कानाला सूर म्हणून ऐकूच येत नाही, फक्त छातीत थरथर जाणवते. पिढ्यान् पिढ्या गाव ज्याला डोंगराचा घुमारा समजून नमस्कार करत आलं, ते कुणाचं तरी भांडण निघतं. यात कारण आणि परिणाम उलटे होतात हे लक्षात घ्या. घुमाऱ्याने वेळ मंदावत नाही. वेळ मंद असल्यामुळे घुमारा ऐकू येतो.

मग मंदावते कशाने? आपल्या जगातलं उत्तर : वस्तुमानाने. जड गोष्टीच्या जितकं जवळ, तितकं घड्याळ मंद. म्हणून पायथ्याचं घड्याळ मंद आणि शिखरावरचं जलद. तेव्हा जाईला शिखरावर चढवू नका, पायथ्याच्या गुहेत न्या. १९६० साली हार्वर्ड विद्यापीठात पाउंड आणि रेब्का यांनी जेमतेम २२.५ मीटर उंचीच्या मनोऱ्यात हा फरक पकडला. साधन होतं लोखंडाच्या अणुकेंद्रातून निघणारे गॅमा किरण. २०१० साली अमेरिकेतल्या बोल्डर इथे एक घड्याळ दुसऱ्यापेक्षा ३३ सेंटीमीटर वर उचलून तोच फरक दाखवला गेला आणि २०२२ मध्ये एका मिलिमीटरच्या अंतरातला फरकही मोजला गेला. हा शुद्ध कंपांचा हिशेब आहे : खालच्या अणूची आवर्तनं वरच्याच्या आवर्तनांशी ताडली, मिरजेतल्या जोडाच्या तारांसारखीच.

आता आपल्या घरचा डोंगर घेऊ. कळसूबाईची उंची १,६४६ मीटर. तिथलं घड्याळ समुद्रकिनाऱ्यावरच्या घड्याळाच्या वर्षाला सुमारे ५.७ मायक्रोसेकंद पुढे जाईल. ऐंशी वर्षांचा जन्म शिखरावर काढला तरी फरक अर्ध्या मिलिसेकंदापर्यंतही पोचत नाही. तुम्हाला हवाय ३६५ पट! त्यासाठी कृष्णविवराच्या काठावर जाऊन बसावं लागेल. पण झांजेरी तुमची आहे, घुम्यात काय भरायचं तेही तुमच्याच हातात आहे. कादंबरीत नियम खोटा असायला माझी हरकत नाही. एकदा मांडला की तो सगळ्यांना सारखा लावा, एवढंच बघते मी.

तो लावून बघूच. ३६५ पट मंदावलेल्या जाईला गावातला तंबोरा ५०,३७० कंपांवर ऐकायला लागेल. माणसाच्या कानाची हद्द वीस हजारांशी संपते; वटवाघळाला ऐकू येईल. तिने मान वर केली तर सूर्य दर चार मिनिटांनी उगवून मावळताना दिसेल, म्हणजे कळायला तंबोऱ्याचीसुद्धा गरज नाही. आणि 'दिसेल' हेही मी सैलपणे म्हटलं. प्रकाश हीसुद्धा आवर्तनंच. गावाकडून येणारा ५५० नॅनोमीटर तरंगलांबीचा हिरवा प्रकाश तिच्यापाशी दीड नॅनोमीटरचा होऊन येणार, आणि दीड नॅनोमीटर म्हणजे क्ष-किरण. सूर्यप्रकाशाचंही तेच. तुमची जाई वर्षभराने घरी परतत नाही, पहिल्या दिवशीच भाजून निघते.

उतारा सांगते. पट कमी करा, मुक्काम वाढवा. १.२ पट घेतलीत तर ६५० नॅनोमीटरचा शुद्ध तांबडा प्रकाश तिला ५४० चा, म्हणजे हिरवा दिसेल. गावाने धोक्याचा तांबडा दिवा लावला आणि जाईला तो 'ये' म्हणणारा हिरवा दिसला, यावर एक अख्खं प्रकरण उभं राहील. अडचण अशी की गावात सहा वर्षं जायला तिला पाच वर्षं तिथे राहावं लागेल. ती पाच वर्षं कशी भरायची हा लेखिकेचा प्रश्न; मी गणिताची बाई.

मूळ कंपाबद्दल. ही कल्पना तुम्हाला कुठून सुचली माहीत नाही, पण तुम्ही चांगल्या संगतीत आहात. लुई द ब्रॉय्यी या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९२४ च्या प्रबंधात जवळजवळ हेच मांडलं. आइन्स्टाइनची दोन सूत्रं त्याने एकापुढे एक ठेवली : एकात ऊर्जा वस्तुमानाशी बांधलेली, दुसऱ्यात ती वारंवारतेशी. मग वस्तुमानाला स्वतःची वारंवारता का नसावी? इलेक्ट्रॉनसाठी हिशेब केला तर सेकंदाला १२४ वर अठरा शून्यं एवढे कंप येतात. यातून तुम्हाला एक नियम फुकट मिळतो. जेवढी वस्तू जड तेवढा तिचा मूळ कंप जलद. हा आपल्या रोजच्या समजुतीच्या नेमका उलट आहे, कारण जाड तार खर्जात वाजते. झांजेरीच्या पाठशाळेत या मुद्द्यावर पोरं बाईंशी वाद घालताना दाखवा. माझ्याशी घालायची.

साठ्याचा नियम मात्र निर्जीव वस्तूंपुरता काढूनच टाका. सजीवांना थोडाफार चालेल. उंदराचं हृदय भराभर धडधडतं आणि तो लवकर मरतो, हत्तीचं सावकाश चालतं आणि तो खूप जगतो. सस्तन प्राण्यांच्या जन्मभराच्या ठोक्यांची बेरीज ढोबळमानाने एक अब्जाच्या घरात येते. माणूस त्याच्या दुप्पट-तिप्पट ठोके खातो, त्यामुळे याला नियम म्हणणं धाडसाचं आहे. पण अणूला म्हातारपण नाही. कार्बन-१४ चे अणू ५,७३० वर्षांत निम्मे उरतात हे खरं. त्यातला पाच हजार वर्षं तग धरून राहिलेला अणू आणि काल तयार झालेला अणू, दोघांची पुढच्या घटकेत फुटण्याची शक्यता मात्र अगदी सारखी. कुणाच्याच गाठीला मोजून दिलेला साठा नसतो. मला विचाराल तर हे तुमच्या साठ्यापेक्षा जास्त भयंकर आहे, आणि कादंबरीत जास्त शोभेल.

राहिला दिसण्या-न दिसण्याचा नियम. तो ठेवा, त्याला जोड द्या. १६६५ साली ख्रिस्तियान हायगेन्स हा डच शास्त्रज्ञ आजारी पडून अंथरुणावर होता. त्याच्या लक्षात आलं की एकाच तुळईला टांगलेल्या आपल्या दोन लंबकाच्या घड्याळांचे लंबक जोडीने हलताहेत, एक डावीकडे तर दुसरा उजवीकडे. मुद्दाम बिघडवले तरी अर्ध्या तासात पुन्हा तसेच. तुळईतून जाणारी बारीक थरथर दोघांना जुळवून घेत होती. झांजेरीत हाच नियम घरांना लावा. एका तुळईखाली झोपणारे एका वेळेत येतात. नवी सून पहिले काही दिवस सासरच्यांना धूसर दिसते आणि तिला ते. पाहुणा अंगणातच झोपला तर शेवटपर्यंत नीट दिसत नाही. आणि जाई परतल्यावर गावाला दिसावी म्हणून तिला कुणाच्या घरात घ्यायचं यावर पंचायत बसेल. घ्यायला कोण तयार होईल, ते मला तुमच्या कादंबरीत वाचायचंय.

प्रश्न : मी नववीत आहे. आमच्या गावापासून खोडदच्या दुर्बिणीच्या तबकड्या जवळ आहेत. सर म्हणाले, त्या आकाशातली घड्याळं ऐकतात. आकाशात घड्याळं कशी असतील? — एक विद्यार्थी, नारायणगाव

उत्तर : सरांनी बरोबर सांगितलंय, बाळा. खोडदच्या जीएमआरटीमध्ये ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या आहेत आणि त्या रेडिओलहरी पकडतात. काही मेलेले तारे आकसून शहराएवढे लहान होतात आणि गरगर फिरत राहतात. त्यांना पल्सार म्हणतात. फिरताना त्यांचा रेडिओझोत आपल्यावरून जातो आणि दर फेरीला एक ठोका मिळतो. पहिला पल्सार १९६७ साली जोसलिन बेल या विद्यार्थिनीला सापडला. त्याचा ठोका दर १.३३७ सेकंदाला पडायचा. सेकंदाला ६४२ फेऱ्या मारणाराही एक आहे. त्याचे ठोके थेट कानाला दिले तर तुला सूर ऐकू येईल.

हे ठोके इतके नियमित असतात की एखादा किंचित उशिरा आला तर शास्त्रज्ञ विचारतात, वाटेत काय झालं? अनेक पल्सारांचे ठोके वर्षानुवर्षं एकमेकांशी ताडून बघितल्यावर २०२३ च्या जूनमध्ये जगातल्या वेगवेगळ्या गटांनी सांगितलं की अवकाशच फार सावकाश हेलकावत असल्याच्या खुणा मिळताहेत. एक हेलकावा पुरा व्हायला काही वर्षं लागतात. या कामात भारतीय गट होता आणि त्याची निरीक्षणं तुझ्या शेजारच्या तबकड्यांची होती. हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ लायगोची वेधशाळा व्हायची आहे. ती याच प्रकारच्या पण कितीतरी जलद, सेकंदाला शेकडो कंपांच्या थरथरीसाठी. एकच गाणं समज. खोडदला त्याचा खर्ज ऐकू येतो, औंढ्याला वरची सप्तकं येतील.

दुर्बीण बघायला जाशील तेव्हा मोबाइल बंद ठेव. तिथे तसं सांगतात ते उगाच नाही.

प्रश्न : आमच्या सोसायटीत एक वर्ग चालतो. शरीराची फ्रिक्वेन्सी ४३२ वर आणली की वय वाढणं मंदावतं असं शिकवतात आणि त्यासाठी एक काशाची वाटी विकत घ्यायला लावतात. सूनबाई म्हणते थोतांड आहे. तुमचं काय मत? — एक आजी, कल्याण

उत्तर : सूनबाई बरोबर आहेत. वाटी घेतली असेलच तर तळपाय घासायला ठेवा, काशाच्या वाटीचा तो उपयोग खरा आहे.

४३२ म्हणजे सेकंदाला ४३२. आणि सेकंद काय आकाशातून पडला? दिवसाचे २४ तास, तासाची ६० मिनिटं, मिनिटाचे ६० सेकंद, ही माणसांनी केलेली वाटणी. आपल्या पंचांगात दिवसाच्या ६० घटका, घटकेची ६० पळं, पळाची ६० विपळं. विपळ होतं ०.४ सेकंदाचं. त्या हिशेबात तोच सूर विपळाला १७२.८ कंपांचा. तुमच्या वर्गातल्या बाईंना विचारा, १७२.८ या आकड्यातही तेवढीच जादू आहे का. शिवाय शरीराला एक फ्रिक्वेन्सी नसतेच. हृदय वेगळ्या तालात, श्वास वेगळ्या, मेंदूचे तरंग आणखी वेगळ्या. सगळं एकाच सुरात आलं तर डॉक्टरला बोलवावं लागेल.

प्रश्न : मी घड्याळदुरुस्ती शिकतोय. सेलच्या घड्याळातल्या छोट्या नळीसारख्या क्रिस्टलवर ३२७६८ असा आकडा का असतो? सरळ ३०,००० का नाही? — एक शिकाऊ कारागीर, इचलकरंजी

उत्तर : ३२,७६८ चे निम्मे करत चला : १६,३८४, ८,१९२, ४,०९६... पंधराव्यांदा निम्मे केलंत की १ येतो. सर्किटला निम्मं करणं सगळ्यात सोपं जातं, म्हणून हा आकडा. काटा दर सेकंदाला टिक करतो तो या पंधराव्या पायरीवरून. नळी कापलीत तर आत दोन दातांचा इवलासा नादकाटा दिसेल, क्वार्ट्झचा. जपून, तो नखाखालीही मोडतो. विजेने तो थरथरतो आणि थरथरला की वीज देतो. हा गुण १८८० साली क्युरी बंधूंनी शोधला, आणि मनगटावर आला तो १९६९ च्या नाताळच्या दिवशी, सेइकोच्या ॲस्ट्रॉनमधून. तुमच्या उस्तादांच्या टेबलावरचं चावीचं घड्याळ तासाला १८,००० ठोके टाकत असेल, म्हणजे सेकंदाला पाच. तेवढ्यासाठी चावीच्या घड्याळाला नावं ठेवू नका. ते उघडल्यावर बिघाड डोळ्यांना दिसतो.

प्रश्न : आजी-आजोबांच्या लग्नाची १९३८ सालची पत्रिका सापडली. लग्न मुंबईला, वैशाखात, गोरज मुहूर्त ६ वाजून ३० मिनिटं. वडील म्हणतात, त्या काळी मुंबईची वेळ वेगळी होती. पत्रिकेवर तसं काही छापलेलं नाही. मग ही वेळ कोणती धरायची? — एक वाचक, गिरगाव

उत्तर : वडील बरोबर सांगतात. देशभर एक प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ पासून लागू झाली, पण मुंबईने विरोध केला आणि शहरात 'बॉम्बे टाइम' १९५५ पर्यंत टिकून राहिला. तो प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे. म्हणून जुन्या पत्रिकांवर 'स्टॅ. टा.', म्हणजे स्टँडर्ड टाइम, असं मुद्दाम छापायचे. तुमच्या पत्रिकेवर ते नाही, पण मुहूर्त गोरज आहे आणि तो सूर्यास्ताला धरून असतो. वैशाखात, म्हणजे मे महिन्याच्या आसपास, मुंबईचा सूर्यास्त आजच्या घड्याळाने सातनंतर पाच-दहा मिनिटांनी होतो. साडेसहा ही प्रमाणवेळ धरली तर ऊन चांगलं वर असताना गोरज लागला असं होईल, आणि भटजी तसं होऊ देणार नाहीत. बॉम्बे टाइम धरली तर आजचे ७ वाजून ९ मिनिटं येतात. तीच धरा.